सत्तावीस शेंगांचं घर

“मॅडम, बाकी सोडा, मला किती बसतं तेवढं सांगा.”

एकतीस वर्षं माझ्या टेबलासमोरची खुर्ची ओढत माणसं हेच म्हणत आली. बसतं म्हणजे कर्ज. नाव सांगायच्या आधी, पाण्याचा घोट घ्यायच्या आधी, एकाने तर डोक्यावरचं हेल्मेट काढायच्या आधी विचारलं होतं! मी घरकर्ज देणाऱ्या एका कंपनीत होते. आधी धुळ्याच्या शाखेत, मग जळगावच्या. माहेर धुळ्याचं, सासर जळगावचं, त्यामुळे दोन्हीकडची बोली मला कळते आणि दोन्हीकडची भांडणंही. गेल्या वर्षी निवृत्त झाले. निरोपाच्या दिवशी साहेब म्हणाले, “मंगला मॅडम, सुटलात एकदाच्या आकडेमोडीतून.” मी म्हटलं, साहेब, सुटायचं होतं कोणाला?

लोकांना वाटतं, कर्ज खातं म्हणजे रटाळ काम. अहो, रटाळ कसलं! समोर नवरा-बायको बसलेली असतात. मांडीवर पिशवी, पिशवीत पगाराच्या चिठ्ठ्या, पासबुक आणि चार घड्या घातलेला नकाशा. नवरा व्याजाचा दर विचारत असतो आणि बायको हळूच नकाशा उलगडून बोटाने दाखवते, “इथे ओटा येणार, इथे खिडकी.” त्या क्षणी माझ्या अंगावर काटा यायचा. पहिल्या वर्षी यायचा आणि शेवटच्या महिन्यातही आला. उगाच नाही सांगत.

गणित तसं सोपं आहे, घरबसल्या कोणालाही करता येतं. ओव्हरटाइम, बोनस विसरा. हातात येणारा पगार घ्या. त्याचा अर्धा करा. त्यातून आधीचे हप्ते, म्हणजे गाडीचा, मोबाइलचा, फ्रिजचा, वजा करा. उरला तो तुमच्या घराचा हप्ता. नऊ टक्के व्याज आणि वीस वर्षं मुदत धरली तर एका लाखाला महिन्याला नऊशे रुपये पडतात. उरलेल्या रकमेला नऊशेने भागा. जितका आकडा येईल तितके लाख कर्ज. घराच्या किमतीच्या ऐंशी टक्क्यांवर आम्ही देत नसू. वरचे वीस टक्के, मुद्रांक शुल्क, नोंदणी, लाइटचं मीटर, खिडक्यांच्या जाळ्या हे सगळं तुमच्या खिशातून. आणि वास्तुशांत! आमच्याकडे वास्तुशांतीला माणूस पन्नास पानं धरतो आणि दीडशे पानं उठतात. तो खर्च आजवर एकाही अर्जदाराने मला आपणहून सांगितलेला नाही.

आता यात एक गोम आहे. कंपनीला विचाराल तर ती सांगते की जास्तीत जास्त किती देता येईल. तुमच्या ताटात त्यानंतर काय उरेल, तो तिचा प्रश्न नव्हे. आणि पगाराची चिठ्ठी नसेल तर? मग तर आमच्या फॉर्मला घामच फुटतो.

जळगावचे रफिकभाई कूलर बनवायचे. पहिल्यांदा आले तेव्हा मी नेहमीप्रमाणे पगाराचा कागद मागितला. हसायलाच लागले. “मॅडम, आपल्याले पगार सूरज देतो. एप्रिल, मे. बाकी साल अल्ला मालिक.” साहेबांनी फाइल बाजूला सरकवायला सांगितली. पण मला चैन पडेना. मार्चच्या एका दुपारी मी त्यांच्या वर्कशॉपवर गेले. पत्र्याची बिलं पाहिली, मोटरींची पाहिली, कूलरच्या जाळीत भरतात त्या गवताचे गठ्ठे एकेक करून मोजले. एका कूलरला गवत किती लागतं ते त्यांच्याच कारागिराकडून विचारून घेतलं. संध्याकाळपर्यंत माझ्याकडे त्यांचं वर्षाचं उत्पन्न तयार! गवतावरून! साहेबांनी कपाळाला हात लावला, पण सही केली. रफिकभाई जून लागला की अख्ख्या वर्षाचे हप्ते आगाऊ भरून जायचे. जळगावचा पारा पंचेचाळीसला टेकला की सगळं ऑफिस हाश्श-हुश्श करायचं आणि मी म्हणायची, चला, रफिकभाईंचं घर फिटतंय.

हे झालं मिरवण्याचं. न मिरवण्याचंही एक आहे, ते सांगितल्याशिवाय पुढचं कळणार नाही. धुळ्यात मी नवीन होते. एका खासगी शाळेतले लिपिक आले, अगदी साधा माणूस. मी गणित केलं आणि बसत होतं तितकं सगळं मंजूर केलं, एक रुपया मागे ठेवला नाही. त्या महिन्यात माझी पाठ थोपटली गेली. पुढे त्यांच्या मुलीचं आजारपण निघालं. तीन वर्षांत घर विकावं लागलं. नंतर एकदा स्टँडवर भेटले. मी तोंड चुकवत होते, तेच पुढे येऊन म्हणाले, “मॅडम, तुमचा काही दोष नाही. बसत होतं ना लोन.” चिडले असते तर बरं झालं असतं हो! त्यांनी मला चहा पाजला आणि पैसेही देऊ दिले नाहीत.

तेव्हापासून मी तालीम सुरू केली. तालीम म्हणजे काय, तर घर घ्यायच्या आधी सहा महिने, घर घेतलंच आहे असं समजून जगायचं. जो हप्ता येणार तो आजपासून दर महिन्याला आवर्ती ठेवीत भरायचा. सध्या घरभाडं देत असाल तर ते त्या हप्त्यातून वळतं करायचं. सहा महिने कुठे उसनवारी न करता निभावलं तर या माझ्याकडे, मी पेढे ठेवते. नाही निभावलं तर भरलेले पैसे तुमचेच आहेत, आणि तुम्ही वाचलात. साहेब म्हणायचे, “मॅडम, तुम्ही गिऱ्हाईक पळवून लावता.” काही पळालेही. उरलेल्यांपैकी दोघांची ही गोष्ट.

यशवंत जळगावच्या एमआयडीसीत प्लॅस्टिकच्या चटया विणणाऱ्या कारखान्यात मशीन चालवायचा. गाव सोनगीर, म्हणजे धुळ्याच्या पुढे हायवेवर. बायको रेखा घरी ब्लाउज शिवायची. एक मुलगी, शाळेत जाणारी. पगार हातात सत्तावीस हजार, मोटारसायकलचा हप्ता चोवीसशे. अर्धा पगार साडेतेरा, त्यातून चोवीसशे गेले, उरले अकरा हजार शंभर. बारा लाखांचं कर्ज. पंधरा लाखांचं एक छोटं रो-हाऊस गावाबाहेर मिळत होतं, दोन खोल्या, स्वयंपाकघर आणि पुढे गाडी लावण्याइतकं अंगण. चार लाख त्यांच्याकडे साठलेले होते. काठोकाठ, पण बरोबर जमत होतं.

रेखाने विचारलं, “मॅडम, माझे शिलाईचे सात-आठ हजार येतात महिन्याला. ते नाही धरले?”

“कागद आहे का काही?”

“ब्लाउज शिवल्याचा कसला कागद?”

“मग नाही धरता येत, बाई. तिथे शून्य लिहावं लागतं.” मी शून्य लिहिलं. हे मी इतक्यांदा केलं होतं की हातही अडखळला नाही. रेखा मात्र त्या शून्याकडे थोडा वेळ बघत राहिली.

तालीम त्यांनी झकास केली. सहाव्या महिन्याची पावती घेऊन आले तेव्हा यशवंत दारातूनच ओरडला, “मॅडम, पेढे काढा!” आठवडाभरात मी फाइल तयार केली. सहीला बोलावलं, तर कोणी फिरकेना. फोन केला तर यशवंत चाचरायला लागला. “नाना म्हनता की घर लहान पडतं. म्हंजे, जरा थांबू म्हनता.”

नाना म्हणजे यशवंतचे वडील. आणि घर लहान पडत होतं ते कोणाला? कानबाईला!

बाहेरच्या वाचकांसाठी सांगते. श्रावणात नागपंचमी झाली की पुढच्या रविवारी आमच्या खान्देशात गावोगाव कानबाई बसते. नारळाला नथ घालून, सजवून देवी मांडतात, सोमवारी वाजत-गाजत विसर्जन. ती थोरल्याच्या घरी बसते आणि झाडून सगळे भाऊबंद तिथे जमतात. सुरतला असोत की पुण्याला, येणार म्हणजे येणार. तिचा प्रसाद म्हणजे रोट. रोटासाठी घरातल्या प्रत्येक पुरुषाच्या नावाने सव्वा मूठ गहू मोजून घेतात. तो रोट फक्त भाऊबंदांनी खायचा, बाहेर द्यायचा नाही, आणि ठरल्या दिवसांत संपवायचा. नाना भाऊबंदकीत थोरले. त्यांच्यानंतर कानबाई यशवंतकडे येणार. शंभर माणूस दहा बाय बाराच्या हॉलमध्ये कसं मावेल, हा नानांचा प्रश्न. तेवढ्यात जागेच्या एका एजंटने त्यांना चोवीस लाखांचा बंगला दाखवला. हॉल वीस बाय सोळा! नानांनी म्हणे हॉलच्या मधोमध उभं राहून डोळेच मिटले.

वर्षातल्या दोन दिवसांच्या पाहुण्यांसाठी वीस वर्षांचं कर्ज घेणारी माणसं मी कमी पाहिली नाहीत. मुंबई-पुण्याचा माणूस पोहण्याच्या तलावासाठी फसतो, आमचा माणूस पंगतीसाठी.

कानबाईच्या आदल्या दिवशी, शनिवारी, रेखाचा फोन आला. दबक्या आवाजात बोलत होती. “मॅडम, एजंटने दुसरीकडून वीस लाख मंजूर करून आणले. माझे शिलाईचे पंधरा हजार दाखवले, कुठला तरी कागद बनवला. उद्या कानबाईसमोर नाना सगळ्या भाऊबंदांना सांगणार. सोमवारी बंगल्याचा इसार, दोन लाख आगाऊ द्यायचे. मॅडम, नाना एकदा कानबाईसमोर बोलले की मग देव आला तरी फिरणार नाहीत.”

“यशवंत काय म्हणतो?”

“ते नानांपुढे काय बोलणार?” आणि मग म्हणाली, “मॅडम, मला रात्री झोप येत नाही. चार लाख साठवायला आम्हाला नऊ वर्षं लागली.”

मी हिशेब केला. त्या दुसऱ्या ठिकाणचा व्याजदर जास्त होता, लाखाला हजार रुपये हप्ता. वीस लाखांना वीस हजार. यशवंतच्या सत्तावीसमधले! मला त्या लिपिकांनी पाजलेला चहा आठवला. रविवार माझ्या सुट्टीचा. पहाटेची धुळ्याची बस धरली, तिथून सोनगीर. साहेबांना कळलं असतं तर त्यांनी मला घरीच बसवलं असतं.

नानांच्या घरी माणसांचा नुसता गजबजाट. ओट्यावर सुरतवाले, अंगणात पोरीबाळी, आतून पुरणाचा वास. मला बघून यशवंतचा चेहरा पांढरा पडला. नाना खाटेवर बसले होते. पांढरं धोतर, मोठ्या मिशा, नजर धारदार. त्यांनी मला पाणी दिलं, बसायला दिलं आणि मग सरळच विचारलं, “मॅडम, तुमनी कंपनीनं लोन घेवाले लावाकरता इतला दूर उनात का?”

“नाना, तुमच्या मुलाने माझ्याकडून कर्ज नाही घेतलं तरी माझा पगार तेवढाच आहे,” मी म्हटलं. “मी हिशेब दाखवायला आले. पटला तर पटला, नाही पटला तर संध्याकाळच्या बसने परत.”

“दखाडा.” नाना म्हणाले. दाखवा.

कागदावरचे आकडे नानांनी बघितलेही नसते. समोर सुपात भुईमुगाच्या शेंगा होत्या. मी पाट मागितला आणि त्यावर एकेक करत सत्तावीस शेंगा मांडल्या. “एक शेंग म्हणजे हजार रुपये. हा यशवंतचा पगार.” भाऊबंद भोवती गोळा झाले. मी वीस शेंगा उचलून बाजूला ठेवल्या. “हा बंगल्याचा हप्ता.” आणखी दोन उचलल्या, एक अर्धी तोडली. “ही मोटारसायकल.” पाटावर साडेचार शेंगा राहिल्या. “आता नाना, एवढ्यात तुम्ही त्यांचं घर चालवून दाखवा.”

नाना पुढे सरकले. एक शेंग उचलली, “किराना.” सुरतच्या एका बाईने लगेच टोकलं, “एक हजारात किराणा? नाना, कोणत्या जमान्यात आहात?” हशा पिकला. नानांनी दोन केल्या, मग तीन. “नातना शाळाना एक.” लाइटबिलाला अर्धी. पाट रिकामा झाला. दूध राहिलं, गॅस राहिला, दवाखाना राहिला, दिवाळी राहिली. नानांनी मिशीवरून हात फिरवला. मग सुपातून आठ शेंगा उचलल्या आणि पाटावर टाकल्या. “हाई सूननी शिलाई. ती कोनी धरी नही का?”

बघा हं! ज्या बाईचे आठ हजार मी शून्य केले होते, त्यांचेच एजंटने पंधरा केले होते. आणि पाटावर खरा आकडा मांडला तो नानांनी. पण मी हटायला तयार नव्हते. “नाना, त्याला कागद नाही. ते धरता येत नाहीत.”

“कागद नही तं काय पैसा नही?” नाना उसळले. मी त्या आठ शेंगा पाटावर तशाच राहू दिल्या.

तेवढ्यात आतून रेखा आली. हात पिठाचे, डोक्यावरचा पदर कोपराने सारखा करत. सासऱ्यासमोर, शंभर भाऊबंदांसमोर ती बोलेल असं कोणाच्या स्वप्नातही नव्हतं. माझ्या तर नव्हतंच. ती पाटासमोर उकिडवी बसली.

“नाना, रोटना गहू मोजतांना एकना नावनी कितला मूठ लेतस?”

“सव्वा.”

“आपला घर शंभर मानूस उनात म्हनीसन कोना नावना दोन मूठ लेतस का?”

“नही. रोट उरी जाई.”

“उरना तं?”

“बाहेर देता येस नही. आपलेच सरावा लागस.” सरावा म्हणजे संपवावा.

“मंग हाई बी तसंच शे नाना.” तिने त्या बाजूला काढलेल्या वीस शेंगा ओंजळीत घेतल्या. “रोट सरावाले बठ्ठा भाऊबंद बससत. ह्या शेंगा सरावाले मी आन ह्या, नवरा-बायको दोनच जन. वीस वरीस. मी आजारी पडनू तं मना आठ शेंगा बी गयात.” बोलून झालं तरी ती उठली नाही.

नाना उठले आणि बाहेर ओट्यावर जाऊन पाठ करून उभे राहिले. यशवंत खाली मान घालून शेंगांकडे बघत होता. तिथूनच नानांचा आवाज आला, “यशवंत, त्या एजंटले फोन लाव.”

यशवंतने लावला. नानांनी फोन हातातही घेतला नाही. “सांग त्याले, इसार नही देतस. आन सांग, कानबाईनी आन शे, परत फोन करू नको.”

मी संध्याकाळच्या बसने परत आले. रोट मला कोणी दिला नाही, देताही येत नव्हता. पण रेखाने गंगाफळाची, म्हणजे लाल भोपळ्याची, भाजी आणि पुऱ्या बांधून दिल्या होत्या. धुळ्याच्या स्टँडवर त्या एकटीने खाल्ल्या आणि इतका आनंद झाला होता की शेजारच्या अनोळखी बाईलाही बळेच दोन पुऱ्या दिल्या.

छोटं घर झालं. वास्तुशांतीला अर्थातच दीडशे पानं उठली. नाना आले, हॉलमध्ये उभे राहिले, चारी बाजूंना बघितलं आणि माझ्याशी एक अक्षर बोलले नाहीत. गावाकडे मात्र कानबाई अजून तेच बसवतात, चांगले धडधाकट आहेत.

दीड वर्षाने यशवंतचा कारखाना बंद पडला. मालाला उठाव नाही म्हणून मालकाने मशिनी थांबवल्या, कामगारांना घरी बसायला सांगितलं. मला हे कळलं आणि मी महिनाअखेरची वाट बघत बसले. ज्यांचे हप्ते न वटता परत आले त्यांची यादी आमच्याकडे दर महिन्याला यायची. मी ती वरपासून खालपर्यंत वाचली. यशवंतचं नाव नाही. दुसऱ्या महिन्याची आली, तिच्यातही नाही. तिसऱ्यातही नाही! आता मला वेगळीच भीती वाटायला लागली. सावकाराकडे तर गेले नाहीत? मंगळसूत्र तर मोडलं नाही? एका शनिवारी दुपारी मी स्कूटी काढली आणि थेट त्यांच्या दारात.

आतून खडखड आवाज येत होता. दार उघडंच होतं. त्या दहा बाय बाराच्या हॉलमध्ये तीन शिलाई मशिनी. दोन अनोळखी बाया आणि रेखा मशिनीवर. यशवंत गळ्यात टेप अडकवून जमिनीवर कापड कापत होता आणि रेखा तिथूनच ओरडत होती, “अहो, ती बाही तिरपी नका कापू, कालसारखी!” एका शाळेच्या गणवेशांचं काम तिने मिळवलं होतं, शिवाय लग्नाचे ब्लाउज. आणि खिडकीपाशी, उजेडाला, चष्मा नाकाच्या शेंड्यावर आणून, मदतीला गावाहून आलेले नाना बसले होते. ते ब्लाउजला हूक लावत होते. होय, तेच नाना, त्याच मिशा!

मी दारातच उभी राहिले. तीन महिने या घराचा हप्ता कोण भरत होतं ते माझ्या डोळ्यांसमोर होतं. मी ज्या घरासाठी सोनगीरपर्यंत भांडायला गेले, ते घर माझ्या हिशेबातल्या पगारावर उभं नव्हतं, मी शून्य लिहिलेल्या रकान्यावर उभं होतं. लहान घर घ्या हे माझं बरोबर होतं, त्याबद्दल मला शंका नाही. वीस हजारांचा हप्ता या तीन मशिनींनीही ओढला नसता. पण गवत मोजून रफिकभाईंचं उत्पन्न काढणारी मी, बाईच्या मशिनीजवळ एकदाही जाऊन बसले नव्हते. एकतीस वर्षांत किती रेखांपुढे तसंच शून्य लिहिलं असेल? मला रडूच आलं. रेखाला वाटलं, उन्हातून आले म्हणून. ती पाणी आणायला पळाली.

पाणी झालं, चहा झाला. मग तिने कपाटातून एक फाइल काढली. वर्षभराचे सगळे पैसे तिने स्वतःच्या खात्यातच घेतले होते, शिलाईचा धंदा रीतसर नोंदवला होता, प्राप्तिकराचं विवरणपत्रही भरलं होतं. “मॅडम, गच्चीवर एक खोली काढायची आहे, मशिनींसाठी. कारखाना पुढच्या महिन्यात सुरू होतोय म्हणतात, पण हे म्हणतात की मी आता इथेच बरा. सांगा, आम्ही किती घ्यावं?”

निवृत्तीला माझे सहा आठवडे उरले होते. मी पर्समधून कोरा फॉर्म काढला, तिथेच, जमिनीवर, कापडाच्या चिंध्या बाजूला सारून. “अर्जदाराचं नाव?” मी विचारलं आणि सवयीने यशवंतकडे बघितलं.

यशवंतने कात्री खाली ठेवली. “तिचं लिहा मॅडम. मी सहअर्जदार.”

मी रेखाचं नाव लिहिलं. उत्पन्नाच्या रकान्याशी आले आणि तिच्या खात्यातला आकडा अंकी आणि अक्षरी, दोन्ही लिहिला, जरा मोठ्याच अक्षरात. खिडकीपाशी नानांनी हूक लावलेला ब्लाउज झटकून बाजूला ठेवला आणि चष्म्यावरून माझ्याकडे बघितलं. वास्तुशांतीनंतर ते माझ्याशी पहिल्यांदाच बोलत होते.

“मॅडम, मना बी पगार धरा. एक ब्लाउजना दोन रुप्या देस माले सून.”

नियमात ते बसत नव्हतं. तरी मी फॉर्म उलटा केला आणि मागच्या कोऱ्या बाजूला पेन्सिलीने नानांचं नाव आणि त्यापुढे दोन रुपये लिहून घेतले.